एकेचाळीस हरकती

साप्ताहिकाचा अंक गुरुवारी दुपारपर्यंत छापून होई आणि त्याच्या घड्या घालण्याचे काम थोरल्याकडे असे. त्याला या कामावर कुणी नेमले नव्हते. मळ्यातून जेवायला आला की तो हात धुई, छापखान्याच्या ओट्यावर मांडी घालून बसे आणि ओल्या शाईला बोट लागू न देता एकेक ताव दोनदा दुमडी. वाचण्याचा प्रश्न नसे. वाचता येत नव्हते असे नाही. चौथीपर्यंत तो शाळेत गेला होता. पण घडी घालताना नजर कागदाच्या कडेवर ठेवावी लागते, मजकुरात अडकली की घडी तिरपी जाते, हे त्याने अनुभवाने ठरवून टाकले होते.

त्या गुरुवारी चौथ्या पानाची कड जुळवताना त्याला २१७ हा आकडा दिसला. बाजारात शंभर जनावरांत आपला बैल जसा पाठीवरूनच ओळखू येतो, तसा दिसला. त्याने घडी उलगडली, आकडा पुन्हा पाहिला आणि ताव तसाच हातात घेऊन तो आत गेला.

आत धाकटी, म्हणजे त्याच्या धाकट्या भावाची बायको, वापरलेले अक्षरांचे खिळे पुसून आपापल्या खणांत टाकत होती. छापखाना आता तीच चालवत होती. तिचे वडील खिळे जुळवणारे जुळारी होते. कागदावरची अक्षरे गिरवण्याआधी ती शिशाची उलटी अक्षरे ओळखायला शिकली होती.

हे काय छापले आहे, असे थोरल्याने विचारले. ती म्हणाली, सरकारी नोटीस आहे, मंगळवारी आली. साठवण तलावासाठी जमिनी ताब्यात घ्यायच्या आहेत, त्यांचे गट क्रमांक आहेत, एकूण एकेचाळीस. अशी नोटीस स्थानिक वृत्तपत्रात छापावीच लागते. थोरल्याने बोट न टेकवता, थोड्या अंतरावरून आकडा दाखवला. ती बराच वेळ पाहत राहिली. दोन, एक आणि सात हे तीन खिळे तिनेच तीन खणांतून उचलले होते.

"मी ताळून पाहिलं होतं," ती म्हणाली. "मूळ प्रतीशी. चूक नाही."

"चूक नाही, म्हणजे यादीतला मळा आपलाच."

यादीखाली सही करणाऱ्याचे नाव होते आणि नावाखाली हुद्दा: राज्यमंत्री, पाटबंधारे. नाव तिच्या नवऱ्याचे होते. तेही तिनेच जुळवले होते.

हा नवरा बावीस वर्षे साप्ताहिकाचा संपादक होता. पाच वर्षांपूर्वी तो निवडून गेला, गेल्या वर्षी राज्यमंत्री झाला; पण गावाने त्याचे नाव बदलले नाही, गावात तो संपादकच राहिला. राजधानीहून दोन महिन्यांतून एकदा तो घरी येई. पुढच्या दोन खोल्यांत छापखाना आणि मागच्या तीन खोल्यांत दोघा भावांचा एकत्र संसार, अशी घराची मांडणी होती. मळा पिकला म्हणून छापखाना उभा राहिला, असे थोरली, म्हणजे थोरल्याची बायको, कधीमधी बोलून दाखवी. थोरला बोलत नसे.

नोटिशीवर हरकत घ्यायला तीस दिवसांची मुदत होती.

त्या संध्याकाळी थोरलीने एवढेच विचारले, की भाऊजींना माहीत असेल ना. सही त्याचीच आहे, असे थोरल्याने सांगितले. मग काहीतरी ठरवूनच केले असेल, असे ती म्हणाली. हे अनुमान चुकीचे होते. पण हाती असलेल्या माहितीवरून दुसरे कोणतेही अनुमान याहून वेडगळ ठरले असते, आणि घराने ते तीन आठवडे धरून ठेवले.

धाकटीने नवऱ्याला पत्र टाकले. नवव्या दिवशी त्याच्या सचिवाचे टंकलिखित उत्तर आले, की आपले पत्र मिळाले असून योग्य ती कार्यवाही सुरू आहे. तिने आधी पत्रातल्या दोन चुका पेन्सिलीने दुरुस्त केल्या, मग अर्थ लावायला घेतला. अर्थ फारसा निघाला नाही.

दरम्यान कांदा काढणीला येऊन त्याच्या माना पडल्या होत्या. मान पडलेला कांदा वाट पाहत नाही. तिघेही पहाट सरताच मळ्यात जात. छापखान्याचे काम धाकटी सोमवारपासून बुधवारपर्यंत दुपारनंतर करी. थोरला खुरप्याने वरंबा सैल करीत पुढे जाई, दोघी जावा पात धरून कांदे उपटीत आणि ओळीने पसरीत, एकाची पात दुसऱ्याच्या अंगावर येईल अशी, म्हणजे उन्हाने कांदा भाजत नाही. जमीन वरून कडक आणि बोटभर खाली अजून गार होती. पहिले दोन दिवस कमर दुखली. तिसऱ्या दिवशी ती दुखते आहे हे कळेनासे झाले. थोरलीचे गुडघे सुजले होते. ती बसल्या जागेवरून पुढे सरके आणि उठायची वेळ आली की कुणाकडे न पाहता हात वर करी, मग ज्याचे लक्ष असेल तो तिला ओढून उभे करी. चार दिवस कांदा पातीखाली सुकला, त्यानंतर पात कापायला सुरुवात झाली. विळा दोन पायांत उभा दाबून धरायचा आणि कांद्यावर बोटभर मान ठेवून पात त्यावर ओढायची. थोरल्याच्या अंगठ्याला एकदा विळा लागला. त्याने अंगठा तोंडात धरला, रक्त थुंकले आणि चिंधी बांधून पुढचा कांदा घेतला.

कामात बोलणे कमीच होई. धाकटीने एकदा म्हटले, की मी नोटीस नाकारली असती तरी दुसऱ्या कुठल्या पत्रात छापून आलीच असती. तुला कुणी काही म्हटले का, असे थोरलीने विचारले. नाही म्हटले. मग गप्प बस बाई, थोरली म्हणाली, आणि धाकटीने पुढची पात धरली.

गावात थोरल्याचा मान वाढला होता. न्हाव्याकडे गेला तर आधी आलेले दोघे उठून त्याला जागा देत. पीठगिरणीत त्याचा डबा रांग सोडून पुढे सरके. कुणी विचारलेच, तर भावाला विचारतो आहे, असे तो खरे तेच सांगे, आणि ऐकणारा समजल्यासारखी मान हलवी. यादीतल्या एकेचाळीस गटांपैकी चाळीस इतरांचे होते. त्या चाळीसांपैकी कुणी त्याच्याकडे पाहून काय समजत असेल, हे तपासून पाहावे असे त्याला सुचले नाही. त्याला कांदा होता.

पंचविसाव्या दिवशी, सोमवारी, संपादक आला. घराला कुलूप पाहून गाडी थेट मळ्याकडे आली आणि बांधाशी थांबली. चालक खाली उतरून सावलीला बसला. संपादक चकचकीत बुटांनी वाफ्यांमधून चालत आला आणि कापलेल्या पातीच्या ढिगाशी उभा राहिला. त्याचे पोट सुटले होते, खांदे आधीसारखेच पुढे वाकलेले होते. वहिनी, गुडघे कसे आहेत, असे त्याने विचारले. आहेत, असे थोरलीने सांगितले. मग तो पातीवरच बसला.

"दादा, तो नंबर माझ्या लक्षात आला नाही."

थोरला पात कापत होता. "कागद वाचला नव्हतास?"

"वाचला. तीन दुरुस्त्या केल्या त्यात."

"मग?"

"आकडे कुणी वाचत नाही, दादा. आकडे ताळून पाहतात. मूळ यादी शेजारी ठेवली, एकेक आकडा ताळला. सगळे जुळले. मग सही केली."

धाकटी हातातल्या कांद्याकडे पाहत होती. त्या मळ्यात हे स्पष्टीकरण पुरेसे वाटणारी तेवढी एकच व्यक्ती होती.

बाकीचे त्याने सावकाश सांगितले. तलाव आधी ओढ्याच्या पलीकडच्या माळावर व्हायचा होता. तिथला खडक भेगाळ निघाला, पाणी धरणार नाही असे अभियंत्यांनी कळवले, म्हणून जागा अलीकडे सरकली. नवी यादी तीन टेबलांवरून त्याच्या टेबलावर आली. कुणी कट केला असे दिसत नव्हते. ज्याने त्याने आपल्यापुढचा कागद आधीच्या कागदाशी ताळून पुढे पाठवला होता, आणि बावीस वर्षे मुद्रिते तपासलेल्या माणसाने ते काम सर्वांत काळजीपूर्वक केले होते.

अंतिम यादीतून दोनशे सतरा वगळता येईल, तेवढे माझ्या हातात आहे, असे तो म्हणाला. फक्त हरकत घेऊ नये. हरकत आली की फाईल वर जाईल, आणि मंत्र्याला स्वतःचे रान ओळखता येत नाही का, असे सभागृहात विचारले जाईल. उत्तर कोणतेही दिले तरी त्याला जावे लागेल.

"भाऊजी," थोरली म्हणाली, "आपला मळा यादीच्या मधोमध येतो ना?"

"हो."

"म्हणजे चहूकडून पाणी आणि मधे आपण. मग कांदा काढायला होडीतून यायचं का?"

विरोधी बाकांवरून चांगला टोला आला की सभागृहात हसायचे असते तेवढे संपादक हसला. बाकी कुणी हसले नाही. थोरल्याने विचारले, की उरलेल्या चाळीसांचे काय. चाळीस वगळले तर तलावच उरत नाही, असे संपादक म्हणाला. हे गणित बरोबर होते. थोरल्याने बघू म्हटले आणि पुढचा कांदा घेतला.

रिकामे बसवेना म्हणून संपादकाने बूट काढले आणि एक विळा ओढून घेतला. अर्ध्या तासात त्याने टोपलीभर पात कापली. थोरलीने त्याच्या पुढ्यातले कांदे एकेक उचलून पाहिले आणि वेगळे ठेवले. त्याने विचारल्यावर ती म्हणाली, की मान फार जवळून कापली गेली आहे, हे टिकणार नाहीत, आधी खाऊन संपवावे लागतील. त्यानंतर तो कांदे पाट्यांत भरून ढिगावर नेऊन ओतायला लागला. त्या कामात चुकण्यासारखे काही नव्हते.

मंगळवारी दुपारी पंपवाला आला. गावातल्या विहिरींवरचे पंप तोच दुरुस्त करी आणि त्याचा गट यादीत दोनशे चौदा होता. संपादक आल्याचे कळले, भेटून जावे म्हटले, असे म्हणत तो ओट्यावर टेकला. त्याच्या हाताला ग्रीसचा वास येत होता. त्याने राजधानीच्या हवेची चौकशी केली, मंत्र्यांना झोप मिळते का ते विचारले, आणि मग कौतुकाने थोरल्याकडे वळला.

"यांनी मात्र कमाल केली. इतके दिवस झाले, चेहऱ्यावर काही नाही. आम्ही म्हटलं, संपादकाच्या भावालाच काळजी नाही, तर आपण कशाला उगाच पुढं पुढं करायचं?"

थोरल्याने विचारले, "हरकत कुणी घेतली?"

"कुणीच नाही. तुम्ही नाही घेतली ना."

"एकानंही नाही?"

"कशाला घेईल? तुमच्याकडं बघून तर चाललंय सगळं."

पंपवाला पाणी पिऊन गेला. थोरला उठून मागच्या अंगणात गेला, हात कोपरापर्यंत धुतले, अंगठ्याची चिंधी बदलली आणि परत येऊन त्याच जागी बसला. मुदतीचे चार दिवस राहिले होते. तो भावाला म्हणाला, कागद घे.

गावातला कोणताही अर्ज याच ओट्यावर लिहिला गेला होता. विजेचा खांब, विधवेचे निवृत्तिवेतन, शाळेचे छप्पर, जे काही असेल ते लोक सांगत आणि संपादक कचेरीच्या भाषेत उतरवून देई. निवडणुकीत त्याला मते पडली ती अग्रलेखांमुळे, असे तो समजे. ती अर्जांमुळे पडली होती. त्याने कागद घेतला, वर समास सोडला, कचेरीचा पत्ता लिहिला, विषय लिहिला. थोरल्याने काय सांगायचे ते चार वाक्यांत सांगितले. संपादकाने लिहिले आणि वाचून दाखवले.

"सदर यादी प्रसिद्ध करण्यापूर्वी तिची पुरेशी छाननी झाली नाही."

"कुणी केली नाही?" थोरल्याने विचारले.

"असंच लिहितात, दादा."

"कुणी केली नाही, ते लिही."

संपादकाने पेन उचलले आणि तसेच धरून ठेवले. आतून छपाईच्या ट्रेडल यंत्राचा आवाज येत होता तो थांबला. धाकटी दारात येऊन उभी राहिली.

"नाव घालू की हुद्दा?" संपादकाने विचारले.

"माझ्या धाकट्या भावानं, असं घाल. नाव नोटिशीवर आहेच."

"हे दिलं की मला तिथं राहता येणार नाही."

थोरल्याने यावर विचार केला. तो खरोखर विचार करीत होता, हे पाहणाऱ्याला कळत होते. त्याचे ओठ हिशेब केल्यासारखे हलत होते.

"कांद्याला एक माणूस कमीच पडतंय," तो म्हणाला.

संपादकाने खाडाखोड झालेला कागद बाजूला ठेवला आणि दुसऱ्या कागदावर सगळे पहिल्यापासून लिहून काढले. अक्षर चांगले होते. थोरल्याने प्रत्येक शब्दावर बोट ठेवत, ओठ हलवत अर्ज वाचला, आणि खाली सही केली. सहीला त्याला वेळ लागला, कारण चिंधीमुळे अंगठा पेनावर बसत नव्हता.

बुधवारी तो कचेरीत गेला. तिथल्या कारकुनाने अर्ज उभ्याउभ्या वाचायला घेतला, मधेच थांबून थोरल्याकडे पाहिले, मग खुर्चीत बसून पुन्हा सुरुवातीपासून वाचला. थोरल्याला बसायला सांगितले. शिक्का मारून पोच दिली. बाकीच्या चाळीस जणांनी याच अर्जाखाली अंगठे उठवले तर चालेल का, असे थोरल्याने विचारले.

"नाही चालणार," कारकून म्हणाला. "एकाच मजकुराच्या कितीही हरकती आल्या तरी एकच धरतात. चाळीस हव्यात तर मजकूर चाळीस हवेत."

"चाळीस मजकूर कोण लिहिणार?"

कारकुनाने पुन्हा एकदा अर्जावरचे अक्षर पाहिले. ते त्याच्या ओळखीचे होते.

घरी आल्यावर थोरल्याने नियम जसाच्या तसा सांगितला. संपादकाने ऐकून घेतला. थोड्या वेळाने तो बाहेर गेला, चालकाला एक बंद पाकीट दिले आणि गाडी परत पाठवली. पाकिटात काय आहे हे घरात कुणी विचारले नाही. मग थोरला पंपवाल्याकडे गेला आणि पंपवाला सायकल घेऊन इतरांकडे.

गुरुवारी सकाळपासून लोक ओट्यावर येऊ लागले. त्या आठवड्याचा अंक दोनच पानांचा निघाला. थोरला आणि थोरली मळ्यात गेली. धाकटी नवऱ्याशेजारी पाट टाकून बसली. तिच्या मांडीवर एक कोरा ताव होता. संपादक अर्जातले मुख्य वाक्य लिही, ती ते तावावर टिपून घेई आणि आधीच्या सगळ्या वाक्यांशी ताळून पाही. जुळले तर ती नाही म्हणे आणि तो खोडून दुसरे लिही.

पहिल्या दहांना अडचण आली नाही. नजरचुकीने सही झाली, असे एकात लिहिले. यादी अनवधानाने मंजूर झाली, असे दुसऱ्यात. जागेची पाहणी न करता, जुन्या व नव्या जागेतला फरक लक्षात न घेता, नकाशा न मागवता, केवळ आकड्यांचा ताळा पाहून. हे शेवटचे वाक्य त्यातल्या त्यात अचूक होते आणि ते एका गवंड्याला मिळाले. लोक आपापले कागद घेऊन पायरीवर बसत आणि ज्याला वाचता येई त्याच्याकडून वाचून घेत. एकाने तक्रार केली, की माझ्यापेक्षा शेजाऱ्याचे चांगले उतरले आहे. पंपवाला म्हणाला, माझ्यात जरा जोर लावा, मी मत दिले होते. संपादकाने जोर लावला. शिंपी म्हणाला, की एवढ्या वेगवेगळ्या मापांत एकच गोष्ट बसवताना आजवर मी कुणाला पाहिले नव्हते, आणि त्यावर ओट्यावरचे काही जण हसले. संपादकही पाहत होता. हसला की नाही ते सांगता आले नसते.

दुपारी त्याच्या मधल्या बोटावर पेनाचा वळ उठला. मंत्री झाल्यापासून तो सांगे आणि दुसरे लिहीत. तो बोट कपाळाला पुसे आणि लिहीत राही. लोक त्याच्याशी वाईट वागले नाहीत. कुणी आवाज चढवला नाही, कुणी शिवी दिली नाही. त्यांना कागद हवा होता, तो देणारा माणूस समोर होता, आणि त्या कागदात कोणाबद्दल काय लिहिले जात आहे याकडे दोन्ही बाजूंनी सारख्याच व्यवहाराने पाहिले जात होते. त्याला लाज वाटते आहे का, हे धाकटीने दोनदा त्याच्या चेहऱ्यावर शोधले. तिथे फक्त थकवा होता, तोही हाताचा.

गुरुवारी बावीस झाले. शुक्रवारी दुपारपर्यंत सतरा. शब्द संपत आले होते. तो एकेका वाक्यासाठी पेन टेकवून बसे, आणि रांगेतला माणूस त्याच्या घामाकडे पाहत उभा राही.

शेवटी म्हशी राखणारी एक म्हातारी राहिली. ओढ्याकाठी तिचा अर्ध्या एकराचा तुकडा होता. ती पायरीवर बसून कागद लिहून होईपर्यंत थांबली, मग म्हणाली, "काय लिहिलंस, वाच."

त्याने वाचले. "संबंधित मंत्र्यांनी यादीतील क्रमांकांचा प्रत्यक्ष जमिनीशी मेळ घालून पाहिला नाही."

"म्हणजे काय?"

"म्हणजे मी नीट पाहिलं नाही."

"पाहिलं असतंस तर काय केलं असतंस?"

संपादकाने पेन खाली ठेवले.

"तुमचा तेवढा नंबर काढला असतास आणि सही केली असतीस," म्हातारी म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता; म्हैस कोणत्या वेळी पान्हा सोडते हे सांगावे तसे ती सांगत होती. "पाहण्याचं राहू दे. मला कुणी विचारलं नाही, ते लिही."

संपादकाने बायकोकडे पाहिले. धाकटीने ताव उजेडाकडे धरला आणि पेन्सिलीचे टोक वरपासून खालपर्यंत चाळीस वाक्यांवरून सावकाश नेले. मधे एका ठिकाणी थांबली, वाचले, आणि पुढे गेली.

"नाही," ती म्हणाली. "कुठंच आलेलं नाही."

त्याने लिहिलेला कागद फाडला, नवा घेतला, समास सोडला, पत्ता लिहिला, विषय लिहिला. खाली तिचे वाक्य लिहिले. त्याला पुढे-मागे काही जोडावे लागले नाही. त्याने शाईची डबी तिच्यापुढे सरकवली. म्हातारीने अंगठा पदराला पुसला, पण टेकवला नाही.

"आधी वाच," ती म्हणाली.

"मला कुणी विचारले नाही," त्याने वाचले, आणि मग तिने अंगठा उठवला.